कोंडिरामांनी धरलेला नियम

जेसल पार्कातल्या त्या इमारतीत कुणाचंही कपाट हलवायचं झालं, की हाक कोंडिरामांनाच. लिफ्ट बंद असली तर भरलेला सिलिंडर ते एकटेच वर न्यायचे आणि बघणाऱ्यांच्या नजरेतलं कौतुक पोटभर पिऊन खाली यायचे. त्यामुळे डॉक्टर बोलले तेव्हा त्यांचा चेहरा पार उतरला.

“हर्निया अजून झालेला नाही. पण अशी हमाली चालू ठेवलीत तर होईल. एकट्यानं जड उचलू नका. सिगारेट सोडा, त्या खोकल्यानं पोटावर ताण येतो. पालेभाज्या, फळं, पाणी भरपूर घ्या, कुंथायची वेळ येऊ देऊ नका. आणि चालून ही ढेरी कमी करा.”

“पण लोकांना काय सांगू?”

“खरं ते सांगा,” बायको सरोजा म्हणाली. हा उपाय मात्र कोंडिरामांना पटला नाही.

दुसऱ्याच दिवशी शेजारचे पिंटूशेठ आले. “कोंडिरामभाई, नया फ्रिज आया है, जरा अंदर लेना है.”

“वर्षावास चालू है,” कोंडिराम म्हणाले. “नियम लिया है. वजन नहीं उठाऊंगा.”

वर्षावासाच्या त्या पावसाळी महिन्यांत उपासकांनी एखादा नियम धरायचा, ही बुद्धविहारातली रीतच. पण असला नियम कुणी ऐकला नव्हता, म्हणून तो फारच कडक वाटला. त्यात कोंडिराम पहाटे चालायला लागलेले, सिगारेट सुटलेली, रात्री नुसती खिचडी आणि पेरू. जिन्यात लोक बाजूला होऊन त्यांना वाट देऊ लागले.

“काकांच्या चेहऱ्यावर तेज आलंय,” खालच्या मजल्यावरची तेजश्री हळू आवाजात म्हणाली.

“खोकला गेला, झोप लागतेय, दुसरं काही नाही,” सरोजा हसून म्हणाली. कुणाला पटलं नाही.

पौर्णिमेला विहाराचे अध्यक्ष शशिकांत यांनी कोंडिरामांना संयमावर बोलायला उभं केलं. ते तोंड उघडणार, तोच शशिकांतांची म्हातारी आई, मनोरमाआजी, काठी टेकत पुढे आली आणि त्यांच्या पाया पडायला वाकली. कोंडिराम झटकन मागे सरकले.

“आजी, नका. मी साधक-बिधक नाही. डॉक्टरांनी हर्नियाची भीती घातली, म्हणून हे सगळं करतोय. ताकद गेली म्हणाल, म्हणून खोटं बोललो.”

कोंडिरामांनी मान खाली घातली.

“भीतीनं का होईना, सिगारेट सुटली ना?” आजी म्हणाली. “आमच्या शशिकांतला दे थोडी तुझी भीती.”

शशिकांतांनी शर्टाच्या खिशावर हात ठेवला. मग एकेक करत पुरुष पोट आत ओढत कोंडिरामांभोवती जमले. कुणाला चालायची वेळ हवी होती, कुणाला डॉक्टरांचा पत्ता.

सरोजा मात्र दाराशी तशीच उभी होती. इतके दिवस हसणारी ती आता नवऱ्याकडे डोळे विस्फारून पाहत होती.

“चार माणसांत चूक कबूल केलीत,” घरी जाताना ती म्हणाली, “हे मी घरातसुद्धा कधी ऐकलं नव्हतं.” आणि तिनं रस्त्यातच त्यांना हात जोडले.