नीलक्कांचं मशीन कुरुंदवाडला जायचं

नीलक्कांवर अन्याय झाला तो मे महिन्यातल्या एका शुक्रवारी, सकाळी अकरा वाजून दहा मिनिटांनी, शाहूपुरीत, त्यांच्याच दुकानात. पोस्टमननं पाकीट दिलं. आत सख्ख्या भाचीची लग्नपत्रिका. नीलक्का कुठलीही पत्रिका शेवटच्या ओळीपासून वाचतात, कारण छापणाऱ्याचं नाव तिथं असतं. तिथं भलत्याच छापखान्याचं नाव होतं.

हे वाचून ज्यांच्या तोंडून "एवढंच?" असं आलं असेल, त्यांनी जरा दम धरावा. नीलक्कांचा धंदाच लग्नपत्रिकांचा. वडील शिशाचे खिळे जुळवायचे, नीलक्का कॉम्प्युटरवर जुळवतात. निम्म्या जिल्ह्याची लग्नं त्यांच्या हाताखालून गेलीत. आणि त्यांच्याच धाकट्या बहिणीनं, कुरुंदवाडच्या गौरव्वानं, पोरीची पत्रिका सांगलीत छापली. चार रंगांत. वर मोर.

"आणि त्यात तीन चुका!" नीलक्का आजही सांगतात. "माझ्या आईच्या नावात एक. मोराचं तर सोडूनच दे, त्याला तीन पाय हाईत."

गौरव्वाचं म्हणणं वेगळं होतं. अक्काला त्रास नको, मावशीनं मांडवात मिरवायचं सोडून प्रूफं कशाला तपासत बसायचं? हा खुलासा नीलक्कांना चार जणांनी येऊन सांगितला. त्यावर त्यांचं एकच उत्तर. "मला त्रास नको असं मी म्हटलो होतो काय? मला त्रास पायजे होता."

लग्नाला गेल्या, अक्षता टाकल्या, न जेवता परत आल्या, आणि शपथ घेतली. तंगीच्या उंबऱ्याला पाय लावणार न्हाई आणि तिच्याशी शब्द बोलणार न्हाई. तंगी म्हणजे कानडीत धाकटी बहीण. नीलक्का गिऱ्हाइकाशी मराठी बोलतात. राग आणि माया या दोन गोष्टी घरच्या कानडीत.

मला यातलं काही माहीत नव्हतं. मी तेव्हा पत्रकं काढायचो आणि ती नीलक्कांकडं जुळवून घ्यायचो. एके दिवशी दुपारी तुंबलेल्या गटारांवरचं पत्रक होतं. नीलक्का त्यातली माझी उद्गारचिन्हं एकेक करून खोडत होत्या.

"एका वाक्याला चार चार? गटार तुंबलंय का तू?"

"राग दिसायला नको का, अक्का?"

"राग दिसू दे की. शाई वाळू दे आदी, मग दाखव."

घड्याळात तीन वाजून दहा मिनिटं झाली. नीलक्कांनी माझं पत्रक बाजूला सारलं, माऊसवर एक टिचकी मारली, उठल्या आणि तो पेटीएवढा जुना मॉनिटर दोन्ही हातांनी फिरवून त्याचं तोंड भिंतीकडं केलं. वर टॉवेल टाकला. खुर्ची वळवून स्वतःही पाठमोऱ्या बसल्या. भिंतीकडून कोंबडा आरवला. मग पाणी ओतल्याचा आवाज आला. चुळूक. चुळूक. चुळूक. नीलक्का बोटांवर मोजत होत्या. बारा झाले तशा उठल्या, मॉनिटर सरळ केला आणि म्हणाल्या, "हां. कुठं होतो आपण? गटारात."

"अक्का, हे काय होतं?"

"मशीन कुरुंदवाडला गेलतं."

"आणि तुम्ही?"

"मी हितंच हाय की. तुझ्यासमोर. साक्षीदार हायस तू."

प्रकरण असं होतं. भाची विद्या लग्न होऊन बंगळूरला गेली. जाण्याआधी तिनं आईला आणि मावशीला इंटरनेटवरचा शेतीचा खेळ शिकवला आणि खेळात दोघींची शेतं शेजारी शेजारी लावून दिली. मुलगी हुशार. तिला वाटलं, शेजार झाला की बोलणं होईल. या खेळात पिकाला रोज पाणी लागतं. धनी आला नाही तरी शेजारी येऊन पाणी घालू शकतो, आणि कुणीच घातलं नाही तर पीक वाळतं. गौरव्वा विधवा, पोरगी परमुलखात, घरात दुसरं माणूस नाही. तिचं सगळं लक्ष त्या बारा वाफ्यांत.

आणि शपथ तर घेऊन झालेली. मग नीलक्कांनी तोड काढली. पत्रिकेच्या काठाची वेलबुट्टी पुन्हा पुन्हा करायला नको म्हणून त्यांच्याकडं एक प्रोग्रॅम होता. माणसानं एकदा माऊस चालवायचा, तो लक्षात ठेवतो आणि सांगाल तेव्हा तसाच चालवतो. वेलबुट्टी करणारा तो प्रोग्रॅम त्यांनी बहिणीच्या शेताला लावला. खेळ उघड, शेजारणीच्या शेतावर जा, बारा वाफ्यांना पाणी घाल, बाहेर ये.

"पाय मी लावला न्हाई, बोललो न्हाई, बघितलं बी न्हाई," नीलक्का म्हणाल्या. "मशीन जातंय. मशीनला काय शपथ घातलेली न्हाई."

वेळ तीन दहाचीच का? कारण आमच्याकडं दुपारी वीज जायची ती तीनला यायची. दहा मिनिटं मशीन जागं व्हायला. या भारनियमनावर मी दोन पत्रकं काढली होती. त्यांचा काडीचा उपयोग झाला नाही, हे इथं नमूद करतो.

उन्हाळ्यात मशीन अडकायला लागलं. कोंबडा आरवायचाच नाही. भिंतीकडं नुसती शांतता. नीलक्का पाठमोऱ्या बसून बोटं धरून थांबायच्या आणि मोजायला काही यायचं नाही. पहिल्या सोमवारी त्यांनी सीपीयूला विभूती लावली. दुसऱ्या सोमवारी माऊस खोबरेल तेलानं पुसला, तर तो टेबलावरून घसरायला लागला. तिसऱ्या सोमवारी मला बोलावलं, कारण मी कधीकाळी कॉम्प्युटर क्लासमध्ये शिकवायला होतो.

"पुढारी, सगळ्या जगाला जाब विचारतोस. याला विचार बघू."

अट होती. खेळ लोड होईपर्यंत बघायचं, शेताचं लाल गेट दिसलं की पाठ फिरवायची. "दुसऱ्याच्या दारात टक लावून बघणारा तू कोण?" त्यामुळं जगातली कुठलीही दुरुस्ती झाली नसेल अशी ही दुरुस्ती मी केली. निम्मी डोळ्यांनी, निम्मी कानांनी.

दोष सापडायला वेळ लागला नाही. नीलक्कांनी माऊस शिकवला होता सकाळी, नेट पळत असताना. खेळ उघडल्यावर वीस सेकंद थांब आणि टिचकी मार. पण दुपारी नेट रांगत यायचं. वीस सेकंदांत शेत आलेलंच नसायचं, पडद्यावर नुसतं ते गोल चाक फिरत असायचं. टिचकी हवेत पडायची, खेळ गोंधळून तिथंच गोठायचा.

मी वीसचे चाळीस केले. दोन दिवस चाललं, मग पुन्हा गोठलं. चाळीसचे नव्वद केले.

"थांबायला शिकवतोयस का झोपायला?" नीलक्का म्हणाल्या.

"अक्का, सेकंद मोजून जमायचं नाही. नेट कधी पळतंय, कधी बसतंय. याला मोजायला नको, बघायला शिकवूया. गेटचा लाल रंग त्या ठरावीक जागी दिसतोय का हे दर दोन सेकंदांनी बघायचं. दिसला तरच पुढं. नाही दिसला तर वाट बघत उभं राहायचं."

नीलक्कांनी टाळीच वाजवली. "अरं, हे तर आमचंच की! चार रंगांची छपाई करताना कोपऱ्यातल्या खुणा जुळल्याबिगर कागद पुढं सोडत न्हाईत. मग हे आदी का न्हाई सांगटलंस? दोन दिवस तंगीची मिरची वाळली तिकडं."

"तुम्ही तर शेत बघत नाही. मिरची आहे हे कसं कळलं?"

"गप बस."

मी प्रोग्रॅमच्या स्क्रिप्टमध्ये लाल रंगाची अट घातली. त्या दिवशी चाक दीड मिनिट फिरलं. मशीन शहाण्यासारखं उभं राहिलं, मग कोंबडा आरवला आणि बारा वेळा चुळूक झालं. नीलक्कांनी मला चहा पाजला आणि कपावर छापलेल्या इंग्रजी वाक्यातली चूक दाखवली. पावसाळाभर यंत्रणा सुरळीत चालली. या काळात नीलक्कांनी बहिणीबद्दल चांगला शब्द काढला नाही, आणि एक दिवसही पाणी चुकवलं नाही.

मग तुळशीची लग्नं लागली, सराई सुरू झाली आणि मशीन पुन्हा अडकलं. पण या वेळी गंमत अशी की कोंबडा आरवत होता. म्हणजे शेत लोड होत होतं. पाण्याचा आवाज तेवढा येत नव्हता. एक दिवस, दोन दिवस, तीन दिवस.

मी स्क्रिप्ट ओळ न् ओळ तपासली. नेट बघितलं. माऊसची वायर बदलली. चाचणीपुरतं मीही खेळात एक शेत काढलं, तिथं पाठवलं तर मशीन बारा वाफे झकास भिजवून आलं. फक्त कुरुंदवाडलाच गोठत होतं.

"अक्का, आता बघितल्याशिवाय इलाज नाही. कोंबड्यानंतर पडद्यावर काय येतंय ते मला बघू द्या."

"न्हाई."

"मग तुम्ही बघा."

"मी तर अजिबात न्हाई."

"मग मिरची वाळू द्या."

तीन दहा झाले होते. भिंतीकडून कोंबडा आरवला. समोर एक पाहुणे नवरदेवाच्या काकाचं नाव पत्रिकेत वर घ्यायचं म्हणून उभे होते. नीलक्का पेन हातात धरून त्यांच्याकडं बघत होत्या आणि बघतही नव्हत्या. मग उठल्या, टॉवेल ओढला आणि मॉनिटर सरळ केला.

लाल गेट नव्हतं. म्हणजे होतं, पण त्याच्यावर एक मोठी चौकट येऊन बसली होती. खेळानं इंग्रजीत विचारलं होतं. मी मराठीत वाचून दाखवलं. "तुमची शेजारीण दहा दिवस आपल्या शेतावर आलेली नाही. तिला निरोप पाठवायचा का?" खाली दोन बटणं. पाठवा. नको.

स्क्रिप्टमध्ये काहीही बिघडलेलं नव्हतं. लाल रंग दिसेपर्यंत उभं राहा असं आम्ही सांगितलं होतं. ते तीन दिवस त्या चौकटीसमोर उभं होतं.

मी अडाणी. माझ्या तोंडून निघून गेलं, "अरे, एवढंच होय! एक ओळ वाढवतो. चौकट आली की 'नको' दाबायचं आणि पुढं जायचं. अर्ध्या मिनिटाचं काम."

"न्हाई म्हणू नगंस," नीलक्का म्हणाल्या. आवाज इतका बारीक की मला वाटलं दुसरंच कोणी बोललं. मग म्हणाल्या, "येन आतु हिला?" हिला काय झालं?

त्यांनी 'पाठवा' दाबलं. लिहायची जागा आली. एक शब्द लिहिला, खोडला. दुसरा लिहिला, खोडला. चाळीस वर्षं दुसऱ्यांची निमंत्रणं बिनचूक जुळवणाऱ्या बाईला चार शब्द जुळेनात.

"छापील निरोपावरनंच तर झालंय सगळं," म्हणत त्यांनी मशीनचं बटण बंद केलं आणि शटरची काठी उचलली.

काकाचं नाव घेऊन आलेले पाहुणे दचकले. "अहो बाई, प्रूफ?"

"पावणं, उद्या या."

"लग्न परवा हाय!"

"मग उद्या या की! परवा कशाला येताय?"

कुरुंदवाडच्या एस.टी.त मी भीत भीत विचारलं, "अक्का, शपथेचं काय?"

"त्या शपथेचं प्रूफ बघायचं ऱ्हायलतं," खिडकीबाहेर बघत त्या म्हणाल्या. "घाईत घेतलती."

दिवेलागणीला आम्ही दारात उभे राहिलो. कडी वाजवल्यावर बराच वेळ आत नुसती खुडबूड. मग दार उघडलं. गौरव्वा. तोंडवळा तोच, चार वर्षांनी धाकटा. उजवा हात बोटांपासून कोपरापर्यंत प्लास्टरमध्ये, गळ्यात बांधलेला. परसात पाय घसरून पडली होती. विद्याला कळवलं नव्हतं, कारण विद्याला दिवस गेले होते. शेजाऱ्यांना त्रास नको म्हणून त्यांनाही नाही. डाव्या हातानं माऊस धरता येत नव्हता.

मला वाटलं आता रडारड होणार. गौरव्वा म्हणाली, "आज मशीन न्हाई पाठवलंस?"

नीलक्का ओरडल्या, "तुला ठावं होतं?"

"रोज तीन दहा? तू जन्मात कधी येळेवर आलीस? माझ्या बारशालाबी उशिरा आलतीस म्हणं."

"मी चार वर्षांची होतो तवा!"

मग जी कानडी सुरू झाली तिच्यातलं मला निम्मं कळलं आणि उरलेलं कळायची गरज नव्हती. नीलक्कांनी बहिणीची वेणी सोडली, तेल घातलं, पुन्हा घातली, आणि ते करताना तिला इतक्या शिव्या दिल्या की गल्लीतली दोन माणसं दारात येऊन उभी राहिली. दहा दिवस त्या वेणीला कुणाचा हात लागला नव्हता. एका हातानं वेणी घालता येत नाही, हे मला त्या दिवशी कळलं.

नीलक्का पंधरा दिवस तिथंच राहिल्या. ऐन सराईत. दुकान मी सांभाळलं आणि पत्रिकांत ज्या चुका झाल्या त्यांची जबाबदारी माझी.

आता तुमच्याशी बोलतो. नीलक्कांना हसलात, हसा. पण मशीन तुम्हीही पाठवताय. दिवाळीला एकच एसेमेस पन्नास जणांना पाठवून मोकळे होता, ते मशीनच. कुणाच्या तरी हाती आहेर पाठवता, तेही मशीन. ते पोचतं. पाणीही घालून येतं. पण पलीकडचं माणूस पडलंय की उभं आहे, हे ते बघत नाही. तेव्हा माझी मागणी साधी आहे आणि ती तुमच्याकडंच आहे. ज्याच्याशी तुमचं बोलणं बंद आहे, ते नाव आत्ता तुमच्या मनात आलंच आहे. मला कारणं सांगू नका. चूक कुणाची, तेही मी विचारलेलं नाही. चपला घाला आणि जा.