मास्तरांनी दोनदा वाचलेली कादंबरी

"मास्तर, पाटी आज दुपारी लावायची आहे. नाव सांगताय ना?"

फोनवर ऊना गिल्डी होती, आणि मॅलकी डिव्हेन मास्तर स्वयंपाकघरात काळा चष्मा लावून बसले होते. किलब्रॅनकच्या वाचनालयात दर महिन्याला एका पुस्तकाची शिफारस लागे. ते पुस्तक कोणतं, हे ग्रंथपाल ऊना ठरवत नसे, मास्तर ठरवत. निवृत्त होईपर्यंत निम्म्या गावाला त्यांनीच इंग्रजी शिकवलेलं. तेव्हा आपण काय वाचायचं तेही त्यांनीच सांगावं, अशी गावाची समजूत होती. मास्तरांची तर होतीच. महिनाअखेरीला वाचनालयात चहा होई. मास्तर त्या पुस्तकावर बोलत, लोक ऐकत आणि मनुक्यांचा पाव संपला की घरी जात.

या खेपेला पंचाईत अशी झाली होती, की मोतीबिंदूच्या ऑपरेशनमुळे मास्तरांनी हिवाळाभर एक पान वाचलेलं नव्हतं. अजून आठवडाभर वाचायला बंदी होती. त्यांनी चोरून वाचलं होतं ते फक्त डोळ्यांच्या डॉक्टरकडच्या बाकावर पडलेल्या रविवारच्या पुरवणीत. त्यात डब्लिनच्या कुणा प्राध्यापकाने एका नव्या कादंबरीवर लांबलचक लेख लिहिला होता. कादंबरीचं नाव 'पाणकावळ्याची साक्ष'. बेटावरच्या एका विधवेची गोष्ट आहे, एवढं मास्तरांना त्यातून कळलं. बाकीचा लेख बराचसा प्राध्यापकांच्या स्वतःच्या बुद्धीविषयी होता.

"तब्येतीमुळे जमत नसेल तर राहू द्या," ऊना म्हणाली. "काउंटीच्या ग्रंथालय कचेरीतून आता तयार नावं येतात. त्यातलं एक लावून टाकते."

मास्तर खुर्चीत ताठ झाले. "काउंटीच्या कचेरीत कादंबऱ्या कोण वाचतं? घे लिहून. पाणकावळ्याची साक्ष."

"छान आहे?"

"मौनाची मशागत आहे तिच्यात," मास्तर म्हणाले. हे वाक्य प्राध्यापकांचं होतं.

"वाचलीय ना तुम्ही?"

"दोनदा."

हा शब्द तोंडातून कसा गेला ते मास्तरांना पुढेही कधी कळलं नाही. एकदा म्हणून भागलं असतं. सिंकपाशी भांडी विसळणारी त्यांची थोरली बहीण नोरीन वळून त्यांच्याकडे बघू लागली. फोन ठेवल्यावर ती म्हणाली, "तुझ्या डोळ्यांत दिवसातून चार वेळा थेंब कोण घालतं?"

"तू."

"मग वाचलीस कधी? थेंबांच्या मधे?"

"आठवडाभराने वाचणारच आहे," मास्तर म्हणाले. "आधी काय, नंतर काय. वाचलेली असली म्हणजे झालं."

ऊनाने पाटीवर ठळक अक्षरांत लिहिलं, 'डिव्हेन मास्तरांनी दोनदा वाचलेली कादंबरी'. मास्तर एखादं पुस्तक पुन्हा हातात घेत नाहीत हे गावाला ठाऊक होतं. निबंधसुद्धा ते एकदाच तपासत, आणि तेही अर्धवट, असं त्यांचे जुने विद्यार्थी सांगत. त्यामुळे दोन दिवसांत कादंबरीची एकही प्रत कपाटात उरली नाही. आठवडा संपल्यावर मास्तर टोपी सावरत, सहज फिरत आल्यासारखे वाचनालयात शिरले आणि त्यांना रिकामी फळी दिसली.

"सगळ्या गेल्या?"

"सगळ्या," ऊना आनंदाने म्हणाली. "वर मागणारे थांबलेत ते वेगळेच. पॅकी मंगनसुद्धा घेऊन गेला. मी मशागत म्हटल्यावर त्याला शेतीचं पुस्तक वाटलं. पण तुम्हाला कशाला हवी? तुमची स्वतःची असेल ना?"

"आहे तर," मास्तर म्हणाले.

"मग एक काम करा ना. औषधाच्या दुकानाच्या मिसेस क्युसॅक थांबल्यात. त्यांचा खुबा दुखतो, पुस्तकाशिवाय करमत नाही. तुमची त्यांना द्या."

आता मास्तरांना नसलेलं पुस्तक मिळवायचं होतं, ते वाचायचं होतं आणि उसनंही द्यायचं होतं. दुसऱ्या दिवशी सकाळीच ते बसने कॅसलबारला गेले. तिथल्या पुस्तकाच्या दुकानात एकच प्रत शिल्लक होती. ती छातीशी धरून ते परतीच्या बसमध्ये चढले, खिडकीशी बसले, चष्मा पुसला आणि पहिलं पान उघडलं. 'त्या सकाळी' एवढे दोन शब्द वाचून होतात न होतात तोच शेजारी कुणीतरी काठी टेकून धप्पकन बसलं.

"मास्तर, अहो, माझ्यासाठी इतक्या लांब आलात?" मिसेस क्युसॅक म्हणाल्या. त्या खुबा दाखवायला इस्पितळात आल्या होत्या. "ऊना म्हणाली होती, तुम्ही तुमची प्रत देणार. आणि तुम्ही चक्क नवी आणलीत."

मास्तरांनी पुस्तकाकडे पाहिलं. मग मिसेस क्युसॅककडे पाहिलं. बाईंचे डोळे पाणावले होते.

"माझ्या प्रतीत फार खुणा आहेत," मास्तर म्हणाले. "कडेला लिहिलेलं आहे बरंच. म्हटलं, तुम्हाला वाचताना त्रास व्हायला नको." आणि पुस्तक त्यांनी देऊन टाकलं. उरलेला रस्ताभर मिसेस क्युसॅक त्यांच्या शेजारी बसून ते वाचत होत्या. मास्तरांनी मान तिरकी करून वाचून पाहिलं, पण त्या पानं फार भरभर उलटत.

एवढ्यावर थांबलं असतं तरी चाललं असतं. पण मास्तरांनी कादंबरीच्या कडेला बरंच लिहिलंय, ही बातमी त्यांच्या आधी ऊनापर्यंत पोचली. वाचनालयात काचेचं एक छोटं कपाट होतं. त्यात गावाच्या काठी-चेंडूच्या हर्लिंग संघाने कधीकाळी जिंकलेला चषक ठेवलेला असे. ऊनाने तो काढून फडताळावर ठेवला, काच पुसली आणि फोन केला. "महिनाअखेरीच्या चहाला तुमची खुणांची प्रत या कपाटात ठेवायची. मोठ्या समीक्षकांच्या प्रती ठेवतात ना, तशी. काउंटीच्या कचेरीतली बाईही येणार आहे बघायला. नाही म्हणायचं नाही."

मास्तर नाही म्हणाले नाहीत. हो म्हणाल्याचंही त्यांना आठवत नव्हतं.

आणि मग लोक त्यांना गाठू लागले. पॅकी मंगन हा त्यांचा एकेकाळचा विद्यार्थी, वर्गात कायम खिडकीबाहेर बघणारा. गुरांच्या बाजाराच्या दिवशी त्याने त्यांना खाटकाच्या दारात अडवलं.

"मास्तर, एक विचारू? ती बाई होडी विकते ना, ते मला पटलं नाही. नवरा त्या होडीतून गेला. ती विकून तिला काय मिळालं?"

मास्तरांनी प्राध्यापकांचा लेख आठवून पाहिला. "पॅकी, त्याचा अर्थ तिथे जे आहे त्यात शोधू नकोस. जे नाही त्यात शोध."

पॅकीने डोकं खाजवलं. "म्हणजे होडी नाही त्यात?"

"तसंच काहीतरी."

पॅकी विचार करत निघून गेला आणि त्या संध्याकाळी पबमध्ये त्याने हेच वाक्य इतरांना ऐकवलं. इतरांनाही ते कळलं नाही. तेव्हा मास्तर काहीतरी खोल बोललेत याबद्दल सगळ्यांची खात्री पटली. मास्तर मात्र घरी येऊन टोपी न काढताच बसून राहिले. गावात रस्त्याने जायचीही त्यांना चोरी झाली होती. पोस्टात जायचं तर मागच्या गल्लीने, पाव आणायला नोरीन.

"सांगून टाक," नोरीन म्हणाली.

"इतकी वर्षं लोक माझ्यावर विसंबून वाचतायत."

"मग आता एक महिना तुझ्यावाचून वाचतील. मरत नाही कुणी."

महिनाअखेरीला वाचनालयात खुर्च्या कमी पडल्या. काचेचं कपाट उघडं आणि रिकामं होतं, आत ऊनाने हिरवं मखमली कापड अंथरलं होतं. काउंटीची बाई पहिल्या रांगेत वही घेऊन बसली होती. मास्तर उभे राहिले. त्यांनी रात्रभर जागून एक भाषण मनाशी जुळवलं होतं, त्यात पाणकावळा होता, मौन होतं, मशागतही होती. पण समोर मिसेस क्युसॅक त्यांनीच दिलेलं पुस्तक मांडीवर घेऊन बसल्या होत्या. त्यातून कागदाच्या बारीक खुणा डोकावत होत्या. ते पाहिल्यावर त्यांनी भाषण सोडून दिलं.

"मी ही कादंबरी वाचलेली नाही," मास्तर म्हणाले.

मग मिसेस क्युसॅकनी हळूच मान डोलावली. "किती खरं आहे. शेवटचं पान मिटलं तेव्हा मलाही अगदी असंच वाटलं."

"अशी कादंबरी वाचली असं कोण म्हणू शकेल?" काउंटीची बाई म्हणाली आणि तिने ते वहीत टिपून घेतलं.

"तसं नाही हो," मास्तर काकुळतीला आले. "मी ती उघडलेलीच नाही. म्हणजे बसमध्ये उघडली, पण दोनच शब्द झाले. खुणांची प्रत वगैरे काही नाही. मी खोटं बोललो."

"केवढी नम्रता," मागून कुणीतरी पुटपुटलं.

तेव्हा कोपऱ्यात पाव कापत उभी असलेली नोरीन हातातली सुरी खाली ठेवून म्हणाली, "नम्रता कसली डोंबलाची. खरंच वाचलेली नाही त्याने. डोळ्यांत थेंब मी घालते, मला माहीत नाही?"

आता मात्र सगळ्यांना कळलं. काउंटीच्या बाईने वहीत लिहिलेलं खोडलं. ऊना कपाटातल्या हिरव्या कापडाकडे बघत राहिली. तिचा चेहरा पाहून मास्तरांना वाटलं, ओरडली असती तर बरं झालं असतं. ते खाली बसले. कान इतके तापले होते की टोपी घालावीशी वाटत होती.

पॅकी मंगनने घसा साफ केला. "म्हणजे मास्तर, आज तुम्ही बोलणार नाही?"

"काय बोलणार?"

"मग मी बोलू का?"

आजवर असं कुणी विचारलं नव्हतं. पॅकी उभा राहिला, टोपी हातात फिरवत म्हणाला, की त्या बाईने होडी विकायला नको होती. त्याची आई विधवा झाली तेव्हा तिने बाबांचा ट्रॅक्टर विकला नव्हता. चालवता येत नव्हता तरी ती रविवारी जाऊन त्यावर बसायची. मिसेस क्युसॅक म्हणाल्या, बसायची म्हणूनच तुझी आई पुढे कधी हसली नाही. होडी विकली म्हणून तर ती बाई जगली. पॅकी म्हणाला, तुम्ही माझ्या आईला ओळखत नाही. मिसेस क्युसॅक म्हणाल्या, मी तिला वीस वर्षं झोपेच्या गोळ्या दिल्यात. त्यावर मागच्या रांगेतले दोघे जण एकदम उठले. चहा निवला, पाव तसाच राहिला, काउंटीची बाई खुर्ची वळवून भांडणात शिरली. मास्तर एकदा इकडे, एकदा तिकडे बघत होते. इतक्या वर्षांत या लोकांना काही वाटत असेल, हे त्यांच्या डोक्यातच आलं नव्हतं.

निघताना ऊना पायरीपर्यंत आली. मास्तर तिची माफी मागायला लागले तेव्हा तिने त्यांना थांबवलं.

"माझा राग आहेच तुमच्यावर," ती म्हणाली. "तो राहील थोडे दिवस. पण पुढच्या महिन्याचं पुस्तकही तुम्हीच सांगा. फक्त ते वाचू नका." आणि एक परत आलेली प्रत तिने त्यांच्या हातात दिली. "ही वाचा. हिच्यावर आता बोलून झालं."

मास्तरांनी ती वाचली. ती त्यांना इतकी आवडली की नोरीनने थेंबांसाठी हाका मारल्या तरी ते पान सोडायला तयार नव्हते. आणि होडीच्या बाबतीत मिसेस क्युसॅक आणि पॅकी, दोघेही चुकत होते. ती बाई होडी विकते ती दुःखामुळे नव्हे आणि जगण्यासाठीही नव्हे. ती विकते कारण मागायला आलेल्या पोरग्याला त्याच्या बापाची होडी बुडाल्यावर दुसरी मिळालेली नसते. हे कुणाच्याच लक्षात आलं नव्हतं. पुस्तक बगलेत मारून मास्तर तडक पॅकीच्या शेतावर गेले. तो कुंपणाची तार ताणत होता.

"पॅकी, होडीचं मला सांगायचंय तुला. तू मुद्द्याचं सोडून दिलंस."

पॅकीने पकड खाली ठेवली. "मास्तर, तुम्ही ती वाचलेली नाही ना?"

"आता वाचली. काल रात्री संपवली."

"बरं, बरं," पॅकी म्हणाला. त्याने कुंपणाच्या खांबाला पाठ टेकली, हाताची घडी घातली आणि वर्गात मास्तर जसे बघायचे तसा तो त्यांच्याकडे बघू लागला. "मग सांगा बघू. ती होडी कुठल्या रंगाची होती?"

मास्तरांनी डोळे मिटले. पोरगा आठवला, धक्का आठवला, त्या बाईचा ओला, अंगाला चिकटलेला झगा आठवला. पाणकावळा तर लख्ख दिसला. रंग काही आठवेना.

"हिरवी?" ते म्हणाले.

पॅकीने हळूच नकारार्थी मान हलवली आणि त्यांच्या खांद्यावर हात ठेवला.

"असू द्या, मास्तर," तो अगदी समजुतीने म्हणाला. "पुस्तक चांगलं आहे. सवड झाली की वाचा."