खाकी कागदाखालचा दिगंबर

कोणतीही गोष्ट माणसाला फुकट आनंद देऊ लागली, की तिचा अभ्यास करणे हे सुशिक्षित समाजाचे पहिले कर्तव्य ठरते. आनंद मोकळा सोडला तर तो कुठेही भटकतो, कुणाच्याही घरात शिरतो, शिक्षण-हुद्दा काही पाहत नाही. अभ्यास मात्र एका जागी बसतो. (सतरंजी, टेबल आणि पाण्याचा तांब्या एवढ्यावर त्याचे भागते.) नेर गावाने हे कर्तव्य १९६२ साली पार पाडले आणि चित्रकथा नावाच्या उनाड प्रकाराला कायमचे वळण लावले. इतर तालुक्यांना हे अजून जमलेले नाही.

चित्रकथा म्हणजे काय हे ज्यांना ठाऊक नसेल (असे लोक अभ्यासाला सर्वांत योग्य), त्यांच्यासाठी सांगायचे तर कागदावर चौकटी असतात, चौकटींत माणसे असतात आणि माणसांच्या तोंडातून फुगे निघतात. ती काय बोलतात ते फुग्यांत लिहिलेले असते. मुंबईच्या एका साप्ताहिकाच्या शेवटच्या पानावर तेव्हा ‘विमानवीर दिगंबर’ नावाची अशी एक कथा क्रमशः येत असे. अंक बुधवारी अमरावतीच्या मोटारीने नेरला उतरे आणि लोकोदय वाचनालयाच्या टेबलावर येऊन पडे.

सदाशिवराव हे तिथल्या हायस्कुलात मराठीचे शिक्षक. वय चव्वेचाळीस, पंधरा एकर कापसाची पऱ्हाटी, भरघोस मिशा आणि व्याकरणावर अशी पकड, की त्यांना येताना पाहून बाजारातले भाजीवालेसुद्धा शुद्ध बोलू लागत आणि गिऱ्हाईक गमावून बसत. हसताना त्यांना कुणी पाहिले नव्हते. अशा माणसाला दिगंबरचे वेड लागले.

वेड कसे लागले हे त्यांनाही सांगता आले नसते. एका बुधवारी ते वाचनालयात अग्रलेख वाचायला गेले, अंक उलटा पडलेला होता, आणि दिगंबर विमानाच्या पंखावर उभा होता. खाली समुद्र होता. समुद्रात मगर होती. (मगर समुद्रात नसते हे सदाशिवरावांना माहीत होते, आणि त्यांनी ते तिला माफ केले, यावरून दुखणे किती वाढले होते ते दिसते.) तेव्हापासून ते दर बुधवारी कपाटामागे उभे राहून शेवटचे पान वाचू लागले. वर्गात असले अंक जप्त करण्याची त्यांची जुनी शिस्त होतीच; आता बुधवार-गुरुवारी जप्तीचे प्रमाण इतर वारांच्या चौपट भरू लागले. मुख्याध्यापकांनी त्यांचे जाहीर कौतुक केले.

शेवटी अमरसिंगाने त्यांना पकडले. अमरसिंग हा गावाबाहेरच्या तांड्याचा नाईक. त्याचे आजे-पणजे बैलांवर मीठ-धान्य लादून मुलूखभर हिंडले. हा मात्र कापूस पिकवी, वाचनालयाच्या कार्यकारिणीवर बसे, आणि दिगंबर वाचायचा तर ओट्यावर मांडी ठोकून, मोठमोठ्याने हसत वाचे. त्या दिवशी अंक शोधत तो कपाटामागे आला.

“अरे वा,” तो म्हणाला, “मास्तर, तुमी बी?”

सदाशिवरावांच्या हातून अंक खाली पडला. वीस वर्षांचे शुद्धलेखन क्षणात विसरून ते म्हणाले, “मी... अभ्यास करून राह्यलो.”

प्रतिष्ठित माणसाच्या तोंडून एकदा वाक्य गेले, की ते खरे करून दाखवावे लागते. महिन्याभरात ‘चित्रकथा कला व संस्कृती अभ्यास मंडळ, नेर’ स्थापन झाले. अध्यक्ष सदाशिवराव. सभासद अकरा, पैकी नऊ जणांनी चित्रकथा कधी पाहिलीही नव्हती. त्यामुळे मंडळाच्या निःपक्षपातीपणाबद्दल सुरुवातीपासूनच कुणाला शंका उरली नाही. नियम थोडे पण खणखणीत होते. चित्रकथा बसून हाताळावी, पडून हाताळू नये. हाताळताना चष्मा लावावा. चष्मा नसल्यास शेजाऱ्याचा लावावा. हाताळताना हसू नये. हसणाऱ्याचे सभासदत्व त्या हास्याच्या क्षणापासून संपुष्टात येईल. अमरसिंग पहिल्याच सभेत, ठराव वाचून दाखवला जात असतानाच संपुष्टात आला.

सदाशिवराव मनातून फार खूश होते. आता दर बुधवारी टेबलाशी, दिव्याखाली, चारचौघांत बसून दिगंबर वाचायचा, आणि वर लोकांनी म्हणायचे, बघा, किती राबतात. असा बेत त्यांचा होता. तो ड्रॉइंग मास्तर वामनरावांनी मोडला.

वामनराव म्हणाले, चित्रकथेत चित्र आधी येते, सबब विषय माझा. सदाशिवराव म्हणाले, कथा हा शब्द शेवटी येतो आणि शेवटाला महत्त्व असते, सबब विषय माझा. दोघेही तत्त्वाला पक्के, त्यामुळे तीन सभा चहावर गेल्या. चौथ्या सभेत, वादाच्या भरात, सदाशिवरावांनी स्वतःच तो ठराव मांडला ज्याबद्दल त्यांना पुढे रात्रंदिवस हळहळ वाटली. दोन उपसमित्या कराव्यात, शब्द उपसमिती आणि चित्र उपसमिती. शब्दांच्या अभ्यासकांच्या निर्णयावर चित्रांचे दडपण येऊ नये म्हणून त्यांना चित्रे दाखवू नयेत; आणि चित्रवाल्यांना अक्षर दिसू देऊ नये. ठराव एकमताने पास झाला. टाळ्याही पडल्या.

त्यानंतर वाचनालयात अंकाच्या दोन प्रती येऊ लागल्या. एका प्रतीतल्या चित्रांवर फुगे तेवढे उघडे ठेवून खळीने खाकी कागद चिकटवला जाई. दुसरीतले फुगे काळ्या शाईने भरून टाकत. उघडी प्रत हाती धरताना जो सभासद दिसेल त्याचे पद जाईल, असा एक नियम वाढवण्यात आला. सूचना वामनरावांची होती. सदाशिवरावांची वर्गातली जप्तीही त्यामुळे थांबली.

पहिल्या बुधवारी सदाशिवराव टेबलाशी बसले, दिवा पुढे ओढला आणि वाचू लागले. “अरेच्चा!” मग खाकी कागद. “दिगंबर, मागे बघ!” मग बराच खाकी कागद. “धडाम!” आणि शेवटी, “आता कसा सुटशील?”

मागे काय होते? धडाम कोण झाले? त्यांनी पान उचलून दिव्यासमोर धरले. कागद उत्तम प्रतीचा होता. त्यांनीच निवडला होता. उपसमितीने ‘धडाम’वर चार बैठका घेतल्या आणि हा शब्द आवाज आहे की घटना यावर दोन पक्ष पडले. ते पक्ष नेरमध्ये अजून आहेत, एकमेकांकडच्या लग्नाला जातात, पण जेवत नाहीत.

चित्र उपसमितीचे काम त्या मानाने झपाट्याने पुढे गेले. वामनरावांना सलग सहा आठवडे तोंड उघडून, हात वर करून उभी असलेली माणसे दिसत होती. ती गवई आहेत हे त्यांनी लगेच ओळखले. ‘चित्रकथेतील नायकाची संगीतसाधना’ हा त्यांचा निबंध यवतमाळच्या एका संमेलनात वाचला गेला आणि फार गाजला. विमान हे तंबोऱ्याचे बदललेले रूप आहे, मगर ही टीकाकार होय, असे त्यात सप्रमाण दाखवले होते. श्रोत्यांपैकी कुणीही चित्रकथा वाचलेली नसल्याने चर्चा उच्च पातळीवर झाली.

असे वर्ष गेले. आणि मग पौषातल्या एका बुधवारी शब्द उपसमितीपुढे पुढील मजकूर आला: “हात सोडू नकोस!” खाकी. “दिगंबर, दोर तुटतोय!” खाकी. “आई—” आणि खाली बारीक अक्षरांत, पुढील अंकी समाप्त.

त्या रात्री सदाशिवरावांचे ताट तसेच राहिले. त्यांच्या पत्नी कोकिळाबाई वाट पाहून पाहून म्हणाल्या, “काहून हो? भाकर तशीच ठेवली.”

“दोर तुटून राह्यला,” सदाशिवराव म्हणाले.

“विहिरीचा? कालच त नवा आनला.”

“विहिरीचा नाही. दिगंबरचा.”

“कोन दिगंबर? तुमच्या शाळेतला हाय का?”

“अभ्यासातला.”

कोकिळाबाईंनी थोडा विचार केला. “मंग जाऊन पाहा ना बापा, पडला का वाचला त. हितं बसून कायले जीव जाळता?”

“पाहता येत नाही,” सदाशिवराव म्हणाले. “मी अध्यक्ष आहे.”

शेवटचा अंक आला. शब्द उपसमितीच्या प्रतीत त्या पानावर एकच फुगा होता, आणि त्यात लिहिले होते, “हं.” बाकी सगळा खाकी कागद. एवढ्या ‘हं’वर माणूस जगला की मेला हे कसे ठरवायचे? दोन्ही उपसमित्यांनी निष्कर्ष एकत्र करण्यासाठी संयुक्त बैठक घ्यायची असे ठरलेलेच होते, पण ती अहवाल छापून झाल्यावर, म्हणजे पुढल्या किंवा त्याच्या पुढल्या साली. सदाशिवरावांची झोप उडाली. वर्गात शिकवताना ते वाक्य अर्धेच सोडून खिडकीबाहेर बघत.

कापसाच्या बाजारात अमरसिंग भेटला. संपुष्टात आल्यापासून त्याने साप्ताहिक स्वतःच्या नावाने सुरू केले होते.

“मास्तर, येजा ना तांड्यावर,” तो आवाज खाली आणून म्हणाला. “अंक हाय घरी. खाकी नाही, शाई नाही. लय भारी शेवट केला बापा त्यानं.”

“सांगू नका,” सदाशिवराव घाईने म्हणाले. मग म्हणाले, “बरा आहे का तो?”

“आता तुमीच म्हनता सांगू नका.”

सदाशिवरावांनी दोन रविवार दम धरला. एकीकडे अध्यक्षपद होते, गावातला मान होता, ‘विदर्भातील चित्रकथेचे आद्य अभ्यासक’ असा वर्तमानपत्रात झालेला उल्लेख होता. दुसरीकडे दोराला लटकलेला एक माणूस. तिसऱ्या रविवारी दुपारी, नाईकाची पऱ्हाटी पाहायला जातो असे घरी सांगून, ते तांड्याकडे निघाले. वाटेत त्यांची छाती धडधडत होती आणि त्यांना फार बरे वाटत होते.

अमरसिंगाने अंगणात बाज टाकली. त्याची बायको लालीबाई चहा ठेवून गेली. अंक पुढ्यात आला, आणि अमरसिंग समोर उकिडवा बसून त्यांच्या तोंडाकडे पाहू लागला. चांगली गोष्ट दुसऱ्याला वाचायला देऊन त्याचा चेहरा पाहत बसणे, यासारखे सुख नाही.

सदाशिवरावांनी शेवटचे पान उघडले. त्यांची नजर सरळ फुग्यावर गेली. “हं.” त्यांनी तो वाचला. मग त्यांच्या लक्षात आले, की आपला डावा हात आपोआप चित्रावर पालथा पडला आहे. त्यांनी तो उचलला. खाली रेषा होत्या, काळ्या आणि बारीक. चौकटी सहा होत्या. चौथीची कड थोडी तिरपी होती. उजवा हात खिशाकडे गेला आणि लाल पेन्सिल घेऊन आला.

“झालं वाचून?” अमरसिंगाने विचारले.

“झालं.”

“मंग? म्या त लालीले चुलीपासून उठवून आनलं दाखवाले.”

“फुग्याची शेपटी डावीकडे वळलेली आहे,” सदाशिवराव म्हणाले. “हे पूर्वीच्या अंकांत आढळत नाही. आणि दोन चौकटींमधला पांढरा पट्टा इथे रुंदावतो. यावर काम व्हायला हवं.”

“मास्तर,” अमरसिंग म्हणाला, “तो पडला का वाचला?”

सदाशिवरावांनी पुन्हा पानाकडे पाहिले. एकेक चौकट पाहिली, फुगा पाहिला, पुन्हा पहिलीपासून सुरुवात केली. कपाटामागे उभे असताना एका नजरेत जे समुद्रासकट, मगरीसकट अंगावर यायचे, ते काही केल्या येईना. त्यांना रडू फुटेल असे वाटले. कपाळावरचा घाम पुसून ते म्हणाले, “यासाठी स्वतंत्र उपसमिती नेमावी लागेल, नाईक.”

अमरसिंगाला आधी हसू आले. मग त्याने सदाशिवरावांचा चेहरा पाहिला आणि ते गिळले. “च्या घ्या,” तो म्हणाला. “थंडा होऊन राह्यला.”

मंडळाचा अहवाल यथावकाश प्रसिद्ध झाला. तीनशे बारा पाने, त्यांत एकही चित्र नाही, ही गोष्ट सर्वच परीक्षकांनी संयमाचा नमुना म्हणून वाखाणली. संयुक्त बैठक मोठ्या खेळीमेळीत होऊन नायक हा गवई असून तो “हं” म्हणून समेवर येतो, असा निष्कर्ष बहुमताने निघाला. सदाशिवरावांनीच तो वाचून दाखवला. दिगंबरच्या पुढच्या प्रकृतीबद्दल अहवालात काही नाही, कारण कथानक हा विषय मंडळाच्या कक्षेबाहेरचा आहे. अमरसिंगाला ठाऊक आहे आणि विचारले तर तो आनंदाने सांगतो, पण विचारायला अद्याप कुणी गेलेले नाही.

मंडळात नव्या सभासदांची भरती चालू आहे. त्यासाठी वेगळा अर्ज करायची गरज नाही. ही हकीकत इथवर वाचताना ज्यांनी टोमणा कुठे आहे, कुणाला आहे आणि कितपत जमला आहे याची मनातल्या मनात नोंद ठेवली, पण दोर तुटला तेव्हा त्या बिचाऱ्याचे काय झाले असेल हे ज्यांच्या एकदाही मनात आले नाही, त्यांना मंडळाने आजपासून दाखल करून घेतले आहे. सभासदत्व तहहयात असते, आणि चष्मा शेजाऱ्याचा चालतो.