धूम्रद्वीपाचं रेशनकार्ड

वासुदेव कृष्णाजी सोवनी यांच्या पहिल्या कादंबरीतला राक्षस तलवारीने मरत नाही, रांगेत उभा राहून मरतो. त्याच्या रेशनकार्डावर पत्ता गुहेचा असतो आणि गुहेला घरनंबर नसतो. नायक नंगी तलवार घेऊन पोचतो तेव्हा राक्षस खिडकीसमोर आडवा झालेला असतो आणि आतून कारकून ओरडत असतो, “पुढचा या!”

मी सोवनींना म्हटलं, “अहो, अद्भुत कादंबरीत रांग कुठून आली?”

“काळे, राक्षस झाला म्हणून काय झालं? खातो ना? मग नोंद नको?”

आम्ही दोघे कँपातल्या रेशनिंग ऑफिसात कारकून होतो. ज्याचं पुढे उल्हासनगर झालं, तो तेव्हा नुसता कँप होता. लष्कराच्या रिकाम्या बराकी, आणि त्यांत सिंधहून आलेली हजारो माणसं. सोवनी बदलापूरहून यायचे, मी अंबरनाथहून. टेबलं समोरासमोर. चहा एकच मागवायचा आणि अर्धा अर्धा प्यायचा.

सोवनींचं टोपणनाव होतं ‘विश्वविहारी’. त्यांच्या विश्वाची एक हद्द कल्याण आणि दुसरी वांगणी. वांगणीलाही ते एकदाच गेले होते, मेहुणीच्या लग्नाला, आणि तिथलं पाणी आपल्याला बाधलं असं पुढे वर्षभर सांगत होते. पण बदलापूरच्या दीड खोलीत बसून त्यांनी अख्खं धूम्रद्वीप वसवलं. धूम्रद्वीपात उडते पाट होते, पण परवान्याशिवाय उडत नसत. अदृश्य होणारा राजपुत्र होता. तपासनिसाने समक्ष पाहिल्याखेरीज धान्य मिळत नसल्यामुळे तो महिन्यातून एकदा नाइलाजाने दिसायचा. राजकन्येला राक्षसाने पळवलं की आधी तिचं नाव गुहेच्या कार्डावर वाढवून घ्यायचा. दुसऱ्या कादंबरीत सात तोंडांच्या राक्षसाची युनिटं, म्हणजे धान्याचे वाटे, किती, यावर तीन प्रकरणं आहेत. तोंडं सात म्हणून सात, असं राक्षसाचं म्हणणं. पोट एक म्हणून एक, असं प्रधानाचं. शेवटी साडेतीन ठरतात आणि द्वीपावर शांतता नांदते.

अंबरनाथच्या कारखान्यांतले फिटर आणि टर्नर ही पुस्तकं जेवणाच्या सुट्टीत मोठ्याने वाचून खिदळायचे. कँपातला कापडवाला दुरूनच हाक मारायचा, “सोवनी साईं, आपल्या राक्षसला ह्या महिन्यात साखर भेटली काय?” सोवनी गंभीरपणे सांगायचे, “अर्ज विचाराधीन आहे.”

नोंदीचं हे वेड घरीदारी सारखंच. ऑफिसात कुणाला मुलगा झाला तर पेढा तोंडात असतानाच विचारायचे, “नाव वाढवलंत का?” एका कामाला मात्र ते हात लावत नसत. आमच्या ऑफिसात कार्डावरून माणूस काढण्याला ‘नाव कमी करणं’ म्हणायचे. तसा अर्ज आला की सोवनींना तहान लागायची. ते माठाकडे जायचे आणि परत येईपर्यंत अर्ज माझ्या टेबलावर आलेला असायचा. मी कमी करायचो. तांबड्या शाईची एक आडवी रेघ आणि खाली सही. मला त्यात काही वाटायचं नाही. अक्षर चांगलं होतं, रेघ सरळ यायची.

तेव्हा मी कविता करायचो. फार गंभीर. त्या कुणी छापायचं नाही, आणि समोरच्या टेबलावर सात तोंडांचे राक्षस पुस्तकामागून पुस्तक छापून यायचे, हेही इथे सांगून टाकतो.

गेल्या महिन्यात बदलापूरच्या एका वाचनालयात सोवनींच्या पुस्तकांवर भाषण झालं. वक्ते प्राध्यापक होते. ते म्हणाले, पहिल्या दोन कादंबऱ्यांच्या शेवटी लेखक नावांच्या कंटाळवाण्या याद्या देतो. तिसरीत मात्र त्याला संयम सापडला. ती जिथे संपायला हवी तिथेच संपते. आणि शिखर गाठल्यावर लेखकाने लेखणी खाली ठेवली, केवढी ही कलावंताची जाण! टाळ्या पडल्या. पहिल्या रांगेत बसवलेला ज्येष्ठ नागरिक म्हणून मीही वाजवल्या.

तो संयम माझा होता. तिसऱ्या कादंबरीची शेवटची दोन पानं मी काढली. सोवनींना मी तसं कधी सांगितलं नाही, त्यांनाच ते कळलं. आज सोवनी नाहीत. मी ऐंशीच्या पुढे आहे. आता तरी नीट सांगतो.

आमच्या खिडकीवर दर शनिवारी एक सिंधी म्हातारी यायची. मोतीबाई. कराचीहून स्टीमरने एकटी आलेली. मुलगा पोहूमल पुढच्या स्टीमरने येणार, म्हणून तिने त्याचं नाव कार्डावर लावलं होतं. दोन वर्षं झाली तरी ती स्टीमर आली नव्हती. तिला मराठी येत नव्हतं, सोवनींना सिंधी येत नव्हतं. पण ‘आहे’ हा एक शब्द दोन्ही भाषांत अगदी सारखा. ती गजांतून विचारायची, “बाबू, पोहू आहे?”

सोवनी रजिस्टर उघडायचे, नावावर बोट ठेवायचे आणि म्हणायचे, “आहे, अम्मा. आहे.”

एवढ्यावर ती निघून जायची. आम्ही बाकीचे कारकून आपसांत म्हणायचो, म्हातारी एका युनिटाच्या गव्हासाठी नाटक करते.

मग वरून हुकूम आला: जी माणसं समक्ष हजर नाहीत, त्यांची नावं कमी करा. त्या आठवड्यात सोवनींनी अर्धा माठ संपवला. पोहूमलच्या नावावरची रेघ मी मारली. त्या शनिवारी मोतीबाई आली. मला वाटलं, आता रडारड होणार. पण सोवनींनी रजिस्टर न उघडताच तिला सांगितलं, “आहे, अम्मा. दूसरे किताब में. छपके आएगा, फिर दिखाऊंगा.”

मला वाटलं, चांगली थाप मारली.

पुढे चार महिन्यांनी तिसऱ्या कादंबरीची प्रुफं आली. सोवनी हिवतापाने बदलापूरला पडून होते. त्यांची प्रुफं नेहमी मीच तपासायचो, म्हणून प्रेसवाल्याने माझ्याकडे चिठ्ठी पाठवली: ‘सहा फर्मे भरून दोन पाने उरतात. दोन पानांसाठी सोळा पानांचा नवा फर्मा लावता येत नाही, कागद नाही. काय ते कळवा.’

मी शेवटची दोन पानं उघडली. ‘धूम्रद्वीपाच्या रहिवाशांची नोंद’. एकाखाली एक एक्केचाळीस नावं, प्रत्येकापुढे बापाचं नाव, वय आणि शेवटी ‘आहे’. त्यांत राक्षस एकही नाही, राजपुत्र नाही. कथेत यातलं कुणी येतच नाही! मी मनाशी म्हटलं, आज साहित्याची थोडी सेवा घडतेय. आणि तांबड्या शाईने दोन्ही पानांवर रेघ मारली. सरळ आली.

त्यातली निम्म्याहून जास्त नावं माझ्याच सहीने कमी झालेली होती. तेव्हा मला एकही ओळखू आलं नाही.

पुस्तक छापून आलं. सोवनी बरे होऊन कामावर आले ते शनिवारी, लेखकाच्या दहा प्रती पिशवीत घालून. दोरी तोडली, वरची प्रत घेतली, थेट शेवटचं पान काढलं. मग मागची दोन पानं चाळली. पुन्हा शेवटचं काढलं. मी खाली मान घालून कार्डं लावत होतो.

तेवढ्यात खिडकीशी मोतीबाई आली. त्यांच्या हातात पुस्तक बघून तिचा चेहरा उजळला. “बाबू, पोहू आहे?”

सोवनींनी पुस्तक मिटलं, पुन्हा उघडलं. म्हातारीने गजांना धरून पुन्हा विचारलं, “आहे?”

त्यांनी टाक दौतीत बुडवला, पुठ्ठ्यालगतच्या कोऱ्या पानावर सावकाश एक ओळ लिहिली, फुंकर घातली आणि पुस्तक गजांजवळ नेलं. तिला वाचता येत नव्हतंच. तिने त्या ओल्या ओळीवर बोट टेकवलं. बोटाला शाई लागली, ती तिने पुसली नाही.

“आहे, अम्मा,” सोवनी म्हणाले.

ती पुस्तक पदराखाली घेऊन गेली. त्या दिवशी सोवनींनी उरलेल्यांपैकी आठ प्रतींत एक्केचाळीसच्या एक्केचाळीस नावं हाताने लिहिली. पाठ होती त्यांना. पुढे कित्येक महिने खिडकीशी नाव कमी झालेल्यांच्या घरचं कुणी ना कुणी येऊन त्यांतली एखादी प्रत हातात घेऊन बघत होतं. एक प्रत त्यांनी तशीच कोरी ठेवली. संध्याकाळी निघताना ती माझ्या टेबलावर ठेवून म्हणाले,

“काळे, नाव कमी करायला अर्ज लागतो. अर्ज कुणाचा होता?”

आवाज चढवला नाही. रागही दिसला नाही. सोमवारी अर्धा चहा नेहमीसारखा माझ्याकडे सरकवला आणि पुढे कितीतरी वर्षं सरकवत राहिले. कादंबरी मात्र परत लिहिली नाही. कापडवाला विचारायचा, “साईं, नवीन राक्षस कवा येणार?” तेव्हा म्हणायचे, “तिकडचं ऑफिस बंद झालं.” याला प्राध्यापक जाण म्हणतात.

ती कोरी प्रत अजून माझ्याजवळ आहे. काल ती काढली आणि शेवटच्या कोऱ्या पानावर ती नावं लिहायला बसलो. दुपारभर बसलो. रेघसुद्धा आता सरळ येत नाही. एक्केचाळिसांपैकी मला एकच नाव आठवलं. ते लिहिलं.

पोहूमल वल्द खियलदास. वय बावीस. आहे.