अप्पा कासवांच्या तोंडावरची शांती

एका जंगलात, मुलांनो, सगळ्यांना सगळ्यांच्या मनातलं कळत असे. नुसतं तोंड बघितलं की कळायचं. त्यामुळे तिथे कोणी कोणाला काही विचारत नसे. विचारणं मागासलेपणाचं समजलं जाई.

मलाही कळायचं, बरं का. आत्ता तुमच्या तोंडांवरूनच मला कळतंय की तुम्ही गोष्ट ऐकायला अगदी आतुर झाला आहात. काय म्हणालास? शू लागलीय? जा, जाऊन ये. आम्ही थांबतो.

तर त्या जंगलात सावळाराम नावाचा एक साळिंदर राहत होता. त्याला हे जमत नसे. दुसऱ्याचं तोंड बघितलं की त्याला दोन डोळे दिसत, एक नाक दिसे, मिशा असल्या तर मिशा दिसत. सगळं सुटं सुटं. त्यातून हा कोण आणि याला झालंय काय, हे दोन्ही त्याला उमगत नसे. माणसांच्या गावात अशा काहींना स्वमग्न म्हणतात. हा शब्द ज्यानं काढला त्यानं त्यांच्यापैकी कोणाला विचारून काढला नसावा. जंगलात शब्दांची एवढी चैन नव्हती. तिथे सरळ 'माठ' म्हणत.

सावळाराम स्वतःही स्वतःला माठच म्हणे. दुसऱ्यानं म्हणायच्या आत आपणच म्हणून टाकलं की काम लवकर उरकतं, असा त्याचा अनुभव होता.

ओळखायची त्याची आपली एक पद्धत होती. गवामामांना तो त्यांच्या पाठीवरच्या बगळ्यावरून ओळखे. एकदा तो बगळा उठला आणि एका तरुण सांबराच्या पाठीवर जाऊन बसला. सावळाराम अदबीनं पुढे झाला.

"राम राम मामा. मामींची कंबर काय म्हणतेय?"

सांबराचं लग्न व्हायचं होतं. मुलीकडची मंडळी शेजारीच पाणी पीत होती. ती सोयरीक तिथल्या तिथे मोडली. घरी येऊन सावळाराम स्वतःवरच इतका हसला की त्याला उचकी लागली.

दुसऱ्याला काय वाटतंय हे जाणून घ्यायचं असलं की तो सरळ विचारत असे. "तुम्ही दात दाखवताय. खूश आहात की पोटात दुखतंय?" ऐकणाऱ्याला राग येई. राग आलाय हे सावळारामला कळत नसे, म्हणून मग तो तेही विचारे.

शेवटी जंगलाच्या पंचायतीनं ठराव केला. तळ्यावर यायचं तर मुद्रावाचनाची परीक्षा पास व्हायला हवी. संधी तीन. तिन्ही वेळा नापास होईल त्यानं तीन टेकड्या ओलांडून पलीकडच्या ओढ्यावर पाणी प्यावं. एकट्यानं.

"त्याला काय फरक पडतोय? त्याला एकटं राहायलाच आवडतं," सगळे म्हणाले. तसं त्याच्या तोंडावरच दिसत होतं म्हणे.

खरं तर सावळारामला तळ्यावरची संध्याकाळची गडबड फार आवडे. कोण कोण आलंय हे कळत नसलं, तरी सगळे आलेत एवढ्यानंच त्याला बरं वाटे. ओढ्यावर तर कोणीच नसणार होतं.

शिकवणी शेवंताबाई वानरीण घेत. त्यांच्याकडे तक्ते होते आणि तक्त्यांवर बोट ठेवायला एक लांब छडी होती. भुवया वर म्हणजे आश्चर्य. ओठांचे कोपरे खाली म्हणजे दुःख. सावळारामनं सगळे तक्ते घोकून पाठ केले. पण तक्त्यावरचं तोंड थांबून राही. खरं तोंड थांबत नसे. ओठांचा कोपरा खाली गेलाय हे त्यानं ठरवेपर्यंत तो वर गेलेला असे. दोनदा तो नापास झाला.

मी मात्र पहिल्याच फटक्यात पहिल्या वर्गात पास झालो होतो. हे आत्ताच सांगून ठेवतो, कारण पुढे मला सांगायला तोंड उरणार नाही.

तिसरी परीक्षा अप्पा कासवांच्या समोर होती. अप्पा तळ्याकाठच्या मोठ्या खडकावर बसलेले असत. डोळे अर्धे मिटलेले, मान किंचित पुढे, तोंड घट्ट. ऊन असो, थंडी असो, वर्षानुवर्षं तेच. काय ही शांती, असं जंगल म्हणे. लांबलांबून शिष्य येत, खडकासमोर बसत, अप्पांच्या तोंडाकडे बघत, डोळे पुसत आणि घरी जात. शेवटच्या परीक्षेत प्रश्न एकच असे: अप्पांच्या तोंडावर काय दिसतं? त्याचं उत्तर जंगलातल्या पिल्लापिल्लाला पाठ होतं.

आदल्या दिवशी शेवंताबाईंनी सावळारामला बाजूला घेतलं.

"हे बघ सावळ्या, तुझ्या एकट्यापायी माझा निकाल शंभर टक्के लागत नाहीये. उद्या नुसतं 'शांती' म्हण आणि मोकळा हो."

"पण बाई, मला ती दिसली नाही तर?"

"अरे, कोणाला दिसतेय? म्हणायची असते ती."

सावळाराम घरी गेला आणि 'शांती, शांती' असं घोकत बसला. एवढं तर माठालाही जमेल, असं त्यानं स्वतःला बजावलं.

दुसऱ्या दिवशी सगळं जंगल जमलं. पंच बसले. शेवंताबाईंनी छडी आपटली. सावळाराम खडकापुढे उभा राहिला आणि त्यानं अप्पांच्या तोंडाकडे बघितलं. अर्धे डोळे. घट्ट तोंड. तक्त्याप्रमाणे ही झोप असू शकत होती, आजार असू शकत होता, आणि शांतीही असू शकत होती. उत्तर त्याच्या जिभेवर होतं. पण समोर एक म्हातारा जीव बसलेला, आणि त्याला काय होतंय हे आपल्याला माहीत नाही. माहीत नसताना सांगून टाकायचं त्याच्यानं होईना.

"अप्पा," तो म्हणाला, "तुम्हाला नक्की काय वाटतंय?"

शिष्यांनी कानांवर हात ठेवले. अप्पांना असं काही विचारायची कोणाची छाती झाली नव्हती.

अप्पांनी हळूहळू एक डोळा पूर्ण उघडला.

"मागच्या उजव्या पायाशी खडा रुतलाय," ते म्हणाले. "पाठीच्या ढालीच्या आत. फार टोचतो."

मग पट्टशिष्य कोल्हा उठला आणि त्यानं हात जोडले. "ऐकलंत? अप्पांना हा संसार टोचतो आहे."

"संसार नव्हे रे, खडा," अप्पा म्हणाले. "गारगोटीचा. सुरुवातीला मी सांगितलं होतं. तेव्हाही तू हेच म्हणालास. मग लोक जमायला लागले. नंतर कोणी विचारलंच नाही. येतात, बघतात, आणि आपलं उत्तर आपणच घेऊन जातात."

"किती दिवस झाले?" सावळारामनं विचारलं.

"बावीस वर्षं."

सावळारामला फार वाईट वाटलं. त्यानं शेवंताबाईंच्या हातातली छडी घेतली, खडकावर चढला आणि ढालीखाली छडीचं टोक घालून हळूच उचकलं. बोरीच्या बीएवढी गारगोटी टुणकन बाहेर पडली.

अप्पांनी पाय लांब केला. पुन्हा आखडला. पुन्हा लांब केला. मग ते मोठ्यांदा रडले, आणि रडता रडताच हसायला लागले. त्यांनी करवंदं मागितली. पहिल्या रांगेतल्या एका शिष्याला ते म्हणाले, "तू कोण रे? रोज माझ्या उजेडात येऊन बसतोस." तो शिष्य मी होतो.

"गेलं," कोल्हा कपाळ बडवत म्हणाला. "अप्पांचं तेज गेलं."

खरंच गेलं होतं. समोर एक साधं म्हातारं कासव करवंदं खात बसलं होतं, आणि त्याच्या हनुवटीवर रस ओघळत होता. अशा तोंडाकडे बघून डोळे कसे पुसणार?

पंचांनी निकाल दिला. शून्य गुण.

"पण खडा होता ना?" सावळारामनं विचारलं. "तुम्ही पाहिलात की."

"होता," शेवंताबाई खालच्या आवाजात म्हणाल्या. "पण तोंडावर शांती होती. परीक्षा तोंडाची आहे, खड्याची नाही."

आपला माठपणा शेवटी सरकारदरबारी नोंदला गेला, एवढंच सावळारामच्या मनात आलं, आणि त्याला थोडं हसूही आलं. मग त्यानं तळ्याकडे एकदा बघून घेतलं. सगळे होते. कोण कोण ते त्याला कळलं नाही. तो टेकड्यांच्या दिशेनं चालू लागला.

इकडे कोल्ह्यानं ती गारगोटी उचलली, धुतली आणि खडकावर अप्पांच्या जागी ठेवली. शिष्य पुन्हा रांगेत बसले. काय ती शांती! अप्पांच्या तोंडावर कधी कधी माशी बसली तर सुरकुती हलायची. हिच्यावर तेवढंही नाही. मी तर पहिल्याच दिवशी तीनदा डोळे पुसले.

पहिल्या टेकडीच्या पायथ्याशी सावळारामला मागून हाक ऐकू आली.

"थांब रे! मीही येतो. बावीस वर्षांनी पाय मोकळे करायला मिळतायत."

आवाजावरून त्यानं अप्पांना लगेच ओळखलं. तो थांबला. त्याच्या पाठीवरचे सगळे काटे सळसळत ताठ उभे राहिले. वाटेवरचा एक ससा ते बघून जीव घेऊन पळाला.

अप्पाही जागीच थबकले. त्यांनी सावळारामकडे नीट बघितलं.

"रागावलायस का?" त्यांनी विचारलं.

सावळारामला आजवर हे कोणी विचारलं नव्हतं.

"नाही अप्पा," तो म्हणाला. "आनंद झालाय."

"असं होय," अप्पा म्हणाले, आणि दोघं सावकाश टेकडी चढू लागले.

तात्पर्य: दुसऱ्याला काय वाटतंय हे त्याच्या तोंडावरूनच ओळखावं, त्याला कधीही विचारू नये. विचारलं तर तो सांगतो, आणि मग खडा आपल्याला काढावा लागतो.