डब्यावरचं आमंत्रण

पिलबीमसाहेबांनी नेस्टाला आत बोलावलं तेव्हा त्यांच्या मिशा थरथरत होत्या.

"मिस प्रॉसर, यॉर्कशायरच्या एका लोहाराने विचारलंय, बी काढताना दुखतं का?"

नेस्टाला काही उमजेना. मेलबर्नमधलं हे सरकारी खातं नुकतंच निघालं होतं. इथली फळं आणि लोणी विलायतेला खपवायचं आणि तिकडची माणसं इकडे वसायला आणायची, दोन्ही कामं एकाच छपराखाली. मजकूर लिहायला मात्र एकटी नेस्टा. छापखान्यात तिच्या कागदांची अदलाबदल झाली होती. त्यामुळे विलायतेतल्या भिंतींवरच्या जाहिरातींत बोटीत चढणारं हसरं कुटुंब झळकत होतं आणि खाली लिहिलं होतं, 'साल सोललेले, बी काढलेले, गोड पाकात बुडवलेले. वर्षभर टिकतात!'

"मग पीचच्या डब्यांवर काय गेलं?" नेस्टाने चाचरत विचारलं.

साहेबांनी चष्मा लावला. "'घर गार पडलंय ना? मग ये की. इथे ऊन आहे. तुझी खुर्ची अंगणात काढून ठेवलीय.' दुकानदार विचारतायत, खुर्ची डब्याबरोबर येणार की वेगळी? अहो, सरकार कधी असं बोलतं का?"

नेस्टाने मान खाली घातली. वेल्सच्या डोंगरातलं गाव सोडून आल्यापासून तिचा जीव इथे रमलाच नव्हता. ते लिहिताना तिच्या डोळ्यांसमोर आई होती.

"मला काढून टाकताय ना?" तिने आशेने विचारलं.

"काढतोय कसला! डबे वाचून माणसं अर्ज करतायत. आणखी लिहा!"

ते मात्र तिच्याने होईना. तिने सरळ लांबलचक रजा टाकली आणि गावी जायचं तिकीट काढलं. पेटी भरून झाली, घरमालकिणीचा निरोप घेऊन झाला, आणि बंदरावरून सांगावा आला, 'तुमच्या मातोश्री उतरल्या आहेत. लवकर या, हमालांशी भांडतायत.'

धक्क्यावर मार्गेडबाई गाठोड्यावर ठाण मांडून बसल्या होत्या.

"आई! तू इथे कशी?"

"कशी म्हणजे? तूच बोलावलंस ना! पाद्रीबाबांनी डबा वाचून दाखवला. मी म्हटलं, ही आमची नेस्टाच. दुसरं कोण मला अगं-तुगं करणार?"

"आणि घर?"

"विकलं. कोंबड्यांसकट."

नेस्टा धाय मोकलून रडू लागली.

"पुरे गं," आई तिची पाठ थोपटत म्हणाली, "एवढा कसला आनंद!"

नेस्टाने तिकीट परत केलं. आईला ऊन मानवलं. आखडलेले गुडघे मोकळे झाले, इंग्रजी येत नसलं तरी शेजारणींशी खुणांनी भांडण्याइतकी ओळख झाली. थोड्याच वर्षांत सरकारने ते खातंही मोडलं. फळं एकीकडे गेली, माणसं दुसरीकडे.

खातं बंद झालं त्या दिवशी कचेरीतलं टेबल आवरून नेस्टा लवकर घरी आली. आई मागच्या पायरीवर बटाटे सोलत बसली होती. चाकू हातातच थांबला होता.

"काय झालं गं?"

"काही नाही. आपल्या गावच्या डोंगरावर आत्ता धुकं उतरत असेल, नाही?"

"असेल," नेस्टा म्हणाली. तिने आईला जरा सरकायला लावलं आणि तिच्या शेजारी टेकली.