अंबूबाईंना बाधा नाही

अन्याय कोणावरही होऊ शकतो, पण तक्रार कोणीही करू शकत नाही. या एका तत्त्वावर आमचं कार्यालय उभं आहे, आणि (पावसाळ्यात मागची भिंत सोडली तर) भक्कम उभं आहे. जो 'बाधित' असेल त्यानेच बोलावं, बाकीच्यांनी आपापली कामं करावीत. उद्या कोणीही उठून दुसऱ्याच्या घराला आग लागली म्हणून ओरडू लागला, तर ज्याचं घर जळतंय त्याच्या हक्काचं काय?

अठ्ठ्याण्णव साली मी या प्रदूषण कार्यालयात तक्रारींच्या टेबलावर कारकून होतो. गंगापूर रोडच्या पुढे, शहर संपतं तिथे अंबूबाईंचा भाजीचा मळा होता. बांधाला लागून नळांना चकाकी देणारा एक कारखाना आला आणि त्याचं सांडपाणी चरातून थेट बाईंच्या विहिरीत उतरू लागलं. पाणी आधी हिरवं झालं, मग निळं. मासे उलटे तरंगू लागले. (माशांकडून लेखी तक्रार प्राप्त नाही.)

पहिला अर्ज शेजारच्या कॉलनीतले गोरक्ष सर घेऊन आले. शाळामास्तर, त्यामुळे ऱ्हस्वदीर्घाची एक चूक नाही.

"विहीर आपली?" साहेबांनी विचारलं.

"नाही."

"मळा?"

"नाही हो, पण मला रोज दिसतंय ना!"

दिसणं हा त्रास कायद्यात बसत नाही. ज्याला दिसतं त्याने दुसरीकडे बघावं. अर्ज निकाली निघाला.

दुसरा अर्ज बाईंचे यजमान पुंजाराम यांचा. सातबारा त्यांच्या नावावर, कागद चोख. पण ते एका शाळेत शिपाई, पाणी तिथलंच पीत. मळा सगळा बायकोच्या जिवावर. साहेबांनी विचारलं तसं त्यांनी सरळ सांगून टाकलं. म्हणजे जमीन ज्याची त्याला त्रास नाही आणि त्रास जिला तिची जमीन नाही. असा निर्मळ माणूस आला की आमचं काम फार हलकं होतं. "ज्यांना त्रास आहे त्यांना पाठवा," साहेब म्हणाले.

अंबूबाई सुनावणीला आल्या. हातांची सालं निघालेली, बाटलीत निळं पाणी. कारखान्याचे वकील खुर्चीत सावरून बसले. साहेबांनी कायद्याचा तेवढा एकच प्रश्न विचारला, "बाई, आपण बाधित आहात का?"

बाई ताडकन उभ्या राहिल्या.

"काय बोलता साहेब! मला कशापायी बाधा व्हईल? सप्तशृंगीमाईची किरपा हाय, आमच्या घरात आजवर कोनाला झपाटलं नाय. मी अमुशाला बी मळ्यात एकली जाते!"

"म्हणजे आपल्याला बाधा नाही?"

"आजिबात नाय! जे काय झालंय ते हिरीला झालंय!"

मी लिहून घेतलं: 'आपण बाधित नसल्याचे अर्जदाराने स्वखुशीने व ठामपणे सांगितले.' बाईंनी अंगठा दिला. वकिलांना तोंड उघडावंच लागलं नाही.

दारातून गोरक्ष सर ओरडले, "अहो, तिला शब्द कळला नाही! बाधा म्हणजे भूतबाधा समजली ती!"

साहेबांनी शांतपणे विचारलं, "आपण कोण?"

आता मात्र बाईंच्या डोळ्यांत पाणी आलं. "मंग मी करू काय, साहेब? दुसरं पानी नाय. पिकवलं नाय तर खायचं काय?"

"पिकवा की! कोणी अडवलंय?" साहेब मनाने फार चांगले.

"त्ये आमी घरात नाय खात," बाई पदरानं तोंड पुसत म्हणाल्या. "नुसतं इकतो." हा मुद्दा अर्जात नसल्यामुळे मी तो लिहिला नाही.

तर अंबूबाईंना बाधेचा अर्थ कळला नाही म्हणून आपण आत्ता हसलात. हसा हो, हसण्याला कायद्यात बंदी नाही. बाईंची मेथी अजूनही शहरात येते आणि हिरवीगार, टवटवीत दिसते. आपण ती घासाघीस करून, भाव पाडून घेता, कढईत परतता आणि पोरांच्या ताटात वाढता. आपल्याला काही त्रास झालाच, तर आमचं कार्यालय सगळ्यांना खुलं आहे. येताना फक्त जुडी त्याच मळ्यातली होती याचा पुरावा म्हणून ती जुडी घेऊन या. खाऊन टाकली असेल, तर पुरावा आपणच नष्ट केलात, आणि त्याबद्दल कारवाई आपल्यावर होईल.